लाकूड आणि विस्तव: जळितशिल्प पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

कोरलेलं लाकडी शिल्प समोर आलं की डोळा आधी लाकूडच पाहतो. त्याचा रंग, रेघा, गाठी, हात फिरवावासा वाटेल असा पोत. आकाराकडे लक्ष जातं ते त्यानंतर. तेच शिल्प जाळून काळं केलं की हा क्रम उलटतो. रंग जातो, रेघा बुजतात, पडलेला उजेड परत येत नाही आणि समोर फक्त आकार उरतो. डेव्हिड नॅश हे ब्रिटिश शिल्पकार कित्येक दशकं हेच सांगत आणि करत आले आहेत. लाकूड आणि विस्तव घेऊन काम करू पाहणाऱ्याने त्यांच्याकडून पहिल्यांदा घ्यायचं ते एवढंच: जाळणं ही सजावट नव्हे. फसलेला आकार आगीने झाकला जात नाही, तो आणखी उघडा पडतो. म्हणून या लेखात जाळण्याइतकंच जाळण्याआधीच्या कामाबद्दल लिहिलं आहे.

नॅश यांचा जन्म १९४५ चा. कलाशिक्षणानंतर ते उत्तर वेल्समधल्या ब्लायनाय फेस्टिनियॉग या पाटीच्या दगडाच्या खाणींसाठी प्रसिद्ध असलेल्या गावी गेले. १९६८ साली तिथलं एक वापरात नसलेलं प्रार्थनाघर त्यांनी घेतलं, आणि तीच त्यांची कार्यशाळा झाली. वादळात पडलेली, रोगाने गेलेली किंवा धोकादायक झाल्यामुळे काढावी लागणारी झाडं हीच त्यांची सामग्री. १९८६ मध्ये इंग्लंडमधल्या फॉरेस्ट ऑफ डीन या जंगलात त्यांनी लार्च झाडाचे सुमारे ९०० जाळलेले खुंट जमिनीत रोवून एक काळा घुमट रचला. त्या जंगलात शतकानुशतकं कोळसा पाडला जात होता, त्या जागेची आठवण त्या घुमटात आहे. २०१० मध्ये यॉर्कशायर शिल्प उद्यानात त्यांनी ओकच्या ७१ जाळलेल्या पायऱ्या टेकडीवर चढवल्या आणि त्यांच्या मधल्या जागेत दगडी कोळसा भरला.

कोळशाच्या भट्टीचं ज्ञान आपल्याकडेही आहे. सह्याद्रीच्या पट्ट्यातली कातकरी कुटुंबं हंगामात कोळसाभट्ट्यांवर कामाला जात आली आहेत. मातीने लिंपलेल्या भट्टीच्या पोटात काय चाललंय हे धुराच्या रंगावरून कळतं. दाट पांढरा धूर म्हणजे अजून पाणी निघतंय. पिवळसर, डोळ्यांना झोंबणारा धूर म्हणजे लाकूड फुटायला लागलंय. धूर विरळ आणि निळसर झाला की कोळसा तयार. हे तीन रंग आत्ताच लक्षात ठेवा, पुढे प्रत्येक टप्प्यावर कामाला येतील.

जागा आणि दिवस

फ्लॅटच्या गॅलरीत, गच्चीवर किंवा बंद गॅरेजमध्ये हे काम करू नका. मोकळं अंगण किंवा शेतातली रिकामी जागा हवी. चहूबाजूंनी दहा-बारा फूट गवत, पाचोळा, वैरण, गाड्या काही नको. डोक्यावर फांद्या किंवा विजेच्या तारा नकोत. जमीन आधी पाणी मारून ओली करा. शहरात उघड्यावर काहीही जाळण्यावर पालिकेचे निर्बंध असतात, ते विचारून घ्या, आणि शेजाऱ्यांना आदल्या दिवशी सांगा. अचानक धूर दिसला की माणसं घाबरतात आणि १०१ ला फोन जातो.

दिवाळी ते होळी हे या कामाचे चांगले दिवस. एप्रिल-मे मध्ये डोंगरउतारावरचं गवत ठिणगीची वाटच पाहत असतं. तेव्हा गावाबाहेर, रानाजवळ आग पेटवायचीच नाही. पावसाळ्यात लाकूड हवेतला ओलावा ओढतं आणि नीट जळत नाही. वेळ सकाळची, वारा पडलेला असताना. किनाऱ्यालगत राहत असाल तर दुपारनंतर समुद्रावरून वारा सुटतो, तोवर आग विझलेली असली पाहिजे.

अंगावर जाड सुती कपडे, पूर्ण बाह्यांचे. नायलॉन, पॉलिस्टर वितळून कातडीला चिकटतं. ओढणी, मफलर, सैल पदर नको. केस बांधलेले हवेत. पायात चामड्याचे बूट, हातात वेल्डिंगचे चामडी हातमोजे, डोळ्यांना चष्मा. काजळी घासताना एन-९५ मास्क लागतोच. हाताशी पाण्याच्या दोन भरलेल्या बादल्या, एक घमेलं वाळू आणि ओलं गोणपाट ठेवा. सोबत एक जाणतं माणूस हवं, एकट्याने आग पेटवायची नाही. भाजलंच तर भाग वीस मिनिटं वाहत्या साध्या पाण्याखाली धरा. हळद, टूथपेस्ट, शाई, बर्फ यातलं काहीही लावू नका. भाजणं खोल किंवा तळव्याहून मोठं असेल तर डॉक्टरकडेच जायचं.

लाकूड निवडणं

या कलेतला अर्धा निर्णय वखारीतच होतो, त्यामुळे इथे घाई करू नका.

सुरुवातीला शिवणीचं लाकूड घ्या. हलकं, एकसारखं, पटाशीला ऐकणारं आणि वाळताना फारसं न वाकणारं. ते सहज काळं होतं आणि त्याच्या भेगा बारीक पडतात. आंबा स्वस्त आणि सगळीकडे मिळतो, पण त्याला किडा फार लवकर लागतो. ठोकळ्यावर टाचणीएवढी भोकं आणि खाली पिठासारखा भुसा दिसला तर तो घेऊ नका. सागवान जाळण्यासाठी उत्तम. त्याच्या वार्षिक वलयांत मऊ आणि कठीण थर आलटूनपालटून असतात, त्यामुळे जाळून तारेच्या ब्रशने घासलं की मऊ थर निघून जातो आणि कठीण थराच्या उंच रेघा राहतात. फणसाचा गाभा पिवळा असतो. काही भाग जाळून काही तसाच ठेवायचा असेल तर काळ्याशेजारी तो पिवळा फार सुंदर दिसतो. बाभूळ पहिल्या कामाला नको. कोरताना हात भरून येतात आणि ती सावकाश जळते. पण दुसऱ्या-तिसऱ्या कामाला जरूर घ्या, तिच्या घट्ट लाकडावरचा काळा थर टणक असतो. निलगिरी आणि सुरू तडकतात, त्यांच्यापासून सध्या लांब राहा.

काय जाळायचं नाही याची यादी जास्त महत्त्वाची आहे. प्लायवूड, एमडीएफ, पॉलिश किंवा रंग लावलेलं लाकूड, वाळवीचं औषध मुरवलेलं लाकूड: यांचा धूर विषारी असतो. जुन्या वाड्यांचं सागवान मोहात पाडतं, पण त्यावर पूर्वीचा तेलरंग असेल तर त्यात शिसं असू शकतं. रंगाचा थर रंध्याने पूर्ण काढूनच पुढे जा, आणि खिळे आहेत का ते चुंबक फिरवून पाहा. परदेशी मालाच्या खोक्यांचं पाइन वापरणार असाल तर त्यावरचा शिक्का वाचा. एचटी म्हणजे नुसतं तापवलेलं, ते चालेल. एमबी म्हणजे मिथाइल ब्रोमाइडची धुरी दिलेलं, ते नको. कण्हेरीचा धूरही घातक. बिब्ब्याच्या चिकाने अंगावर फोड येतात, त्याला हातही लावू नका.

झाड स्वतःचं असलं तरी ते विचारल्याशिवाय तोडता येत नाही. महाराष्ट्रात त्यासाठी १९६४ चा झाडे तोड नियमन अधिनियम आहे आणि शहरांसाठी १९७५ चा वेगळा कायदा. सागवान कुठून कुठे न्यायचं तर वन विभागाच्या वाहतूक परवान्याचा प्रश्न येतो. वखारीतून पावतीसह घेतलेला ठोकळा किंवा वादळात पडलेल्या झाडाचा, पालिकेच्या उद्यान विभागाला विचारून मिळवलेला बुंधा हे दोन सरळ मार्ग. नॅश यांच्यासारखं पडलेल्या झाडाकडून सुरुवात करणं मला जास्त आवडतं, कारण मग झाड कोणत्या बाजूला झुकलं होतं, कुठल्या फांदीचं वजन कुठे होतं, हे सगळं ठोकळ्यातच आपल्या हाती येतं आणि आकार त्यातून सुचतो.

ओलं लाकूड जाळलं तर काय होतं? आतलं पाणी वाफ होऊन बाहेर पडायला धडपडतं, लाकूड फाटतं, आणि सगळी उष्णता पाणी उकळण्यातच खर्ची पडते. वरून काळं, आतून ओलं असा तुकडा पुढच्या महिन्यात हमखास उकलतो. मोकळ्या हवेत लाकूड वाळायला जाडीच्या दर इंचाला साधारण एक वर्ष लागतं असा सुतारांचा जुना हिशेब आहे. ठोकळ्याच्या दोन्ही टोकांना मेण किंवा जाड रंग लावून ठेवा, कारण ओलावा टोकांतून सर्वांत वेगाने निघतो आणि तडे तिथूनच सुरू होतात. वाळलं की नाही हे तपासायला वजनकाटा पुरतो. दर आठवड्याला वजन लिहून ठेवा. ते कमी होणं थांबलं की लाकूड तयार. मेण किंवा रंग लावलेली टोकं जाळण्याआधी कापून टाका.

अख्खा बुंधा, म्हणजे मधला मगज आतच असलेला ओंडका घेतला असेल तर तडा जाणारच. लाकूड वलयांच्या दिशेने जितकं आकसतं तितकं मगजाच्या दिशेने आकसत नाही, ही त्याची प्रकृतीच आहे. जपानमधले सुतार घराच्या खांबांसाठी यावर एक उपाय करतात: खांबाच्या पाठीमागून, न दिसणाऱ्या बाजूने मगजापर्यंत करवतीने एक उभी फट पाडून ठेवायची, म्हणजे आकसण्याचा ताण तिथे मोकळा होतो आणि दर्शनी बाजू वाचते. नॅश यांनी उलट बाजू धरली. १९७९ सालच्या त्यांच्या एका पेटीत ओलं ओक मुद्दाम वापरलं आहे, आणि लाकडाने स्वतःहून वाकून, तडकून त्या पेटीचा आकार पुरा केला आहे. दोन्ही वाटा खऱ्या आहेत, फक्त कोणती धरायची ते करवत लावण्याआधी ठरवा.

पहिला अभ्यास: निखाऱ्याने पोखरलेली वाटी

लाकूड जाळायची गॅस टॉर्च, म्हणजे ज्योत सोडणारी नळी, विकत घेण्याआधी हे एक काम कराच. पूर्वी ओंडक्याच्या होड्या जगभर अशाच पोखरल्या जात, आणि आग लाकूड कशी खाते हे हाताला कळायला याहून चांगला मार्ग मला माहीत नाही.

हातभर रुंद आणि किमान पाच इंच जाड असा शिवणीचा किंवा आंब्याचा वाळलेला ठोकळा घ्या. वरच्या बाजूला पटाशीने अर्धा इंच खोल खळगा करा. खळग्याच्या कडेने ओल्या मातीचा जाड थर लिंपा. जिथे माती आहे तिथे आग जाणार नाही. शेगडीतले लालभडक दोन-तीन निखारे चिमट्याने खळग्यात ठेवा आणि फुंकणीने सावकाश फुंका. जोरात फुंकलं तर राख डोळ्यांत येते. लांब, मंद फुंकर हवी. फुंकर जिकडे जाते तिकडे लाकूड खोल जातं. डाव्या कडेला फुंकलंत तर डावी भिंत पातळ होईल. ही फुंकणीच इथली पटाशी आहे.

पंधरा-वीस मिनिटांनी निखारे काढा, जळालेला भाग चमच्याने किंवा शिंपल्याने खरवडून काढा, माती सुकली असेल तर परत ओली करा आणि नवे निखारे घाला. असं करत जा. तळाला आणि भिंतींना किमान पाऊण इंच जाडी राहू द्या. एखादी कड जास्त खाल्ली जातेय असं दिसलं तर तिथे लगेच ओली माती दाबा. सकाळभराच्या कामात घट्ट, काळी, गोलसर वाटी तयार होते. त्यात तुम्हाला तीन गोष्टी समजलेल्या असतात: हवा नेली तिथे आग जाते, ओलावा आहे तिथे थांबते, आणि काळा थर जाड झाला की त्याच्या आडचं लाकूड सावकाश जळतं.

तिसरी गोष्ट विज्ञानही सांगतं. लाकूड साधारण २०० अंश सेल्सिअसच्या पुढे फुटायला लागतं, ३०० च्या आसपास कोळसा व्हायला लागतं, आणि तो कोळसा उष्णता नीट वाहू देत नाही. त्यामुळे जाड तुळई भर आगीतही मिनिटाला साधारण अर्धा ते पाऊण मिलिमीटर या गतीनेच आत जळते.

याच शेगडीत आणखी एक काम उरकून घ्या. झाकणाच्या पत्र्याच्या डब्याला खिळ्याने एक भोक पाडा, आत बोटभर लांबीच्या शिवणीच्या वाळक्या, साल काढलेल्या काड्या घट्ट भरा आणि डबा निखाऱ्यांत ठेवा. भोकातून आधी पांढरा, मग पिवळसर धूर येईल, तो पेटूही शकतो. धूर थांबला की डबा बाहेर काढून भोक ओल्या मातीने बुजवा आणि दुसऱ्या दिवशीच उघडा. रेखाटनाचा कोळसा मिळाला. नॅश यांच्या जळालेल्या घन, गोल आणि पिरॅमिडशेजारी कोळशाने काढलेली तीच आकृती अनेकदा दिसते. तुम्हीही पुढचा आकार या कोळशाने, मोठ्या कागदावर, शिल्पाच्याच मापात भरीव काळा काढून पाहा. कागदावर जी बाह्यरेषा निर्जीव वाटते ती जाळल्यावरही निर्जीवच राहील.

कोरताना आगीचा वाटा सोडा

पहिल्या शिल्पासाठी साधा आकार घ्या: अंडं, घन, उभा खांब, मधे एक आरपार छेद असलेला ठोकळा. चेहरा, बोटं, पानंफुलं नकोत, बारीक तपशील काळ्यात हरवतात. फूटभर उंची पुरे.

हत्यारं फार लागत नाहीत. करवत, वाकस, एक रुंद पटाशी, एक गोल पटाशी, मोगरी आणि कानस. हत्यार धारदार असलं पाहिजे, बोथट पटाशीच हात कापते. सागवान आणि शिसवाच्या भुशाने काहींना खाज सुटते, तेव्हा मास्क इथेही लावा.

आग कोपऱ्यांना दोन-तीन बाजूंनी धरते, म्हणून कोपरे आणि कडा सपाट भागापेक्षा जास्त झिजतात. तुम्हाला शेवटी कड जितकी ठसठशीत हवी त्याहून ती जास्त तीक्ष्ण आणि थोडी बाहेर ठेवा. इंचापेक्षा पातळ काही ठेवू नका, ते काळं होण्याऐवजी पेटून जाईल. छेद किंवा खाच असेल तर ती बोटाएवढी तरी रुंद हवी. त्याहून अरुंद खाचेत समोरासमोरच्या दोन भिंती एकमेकींना तापवत राहतात आणि आतला विस्तव विझत नाही. पॉलिश पेपर मारत बसू नका. हत्याराच्या खुणा जाळल्यावर उजेड पकडतात आणि काळ्याला जिवंत ठेवतात. गुळगुळीत गोल हवा असेल तर मात्र तो पूर्ण गुळगुळीत करा. अर्धवट घासलेलं इथे लपत नाही.

काळं करणं

दोन पद्धती आहेत. नवख्याला टॉर्च बरी, तीत आग हातात राहते.

गच्चीच्या वॉटरप्रूफिंगला वापरतात ती गॅस टॉर्च हार्डवेअरच्या दुकानात मिळते. फूटभराच्या शिल्पाला लहान मापाची पुरते. घरगुती १४.२ किलोचा सिलिंडर या कामाला लावणं नियमात बसत नाही. ५ किलोचा छोटा सिलिंडर वेगळा मिळतो तो घ्या. टॉर्चला साजेसा रेग्युलेटर आणि आयएसआय शिक्क्याची नळी लावा. प्रत्येक वेळी जोडावर साबणाचं पाणी लावून बुडबुडे येतात का ते पाहा. सिलिंडर उभा, आगीपासून निदान दहा फूट दूर आणि वाऱ्याच्या वरच्या अंगाला.

शिल्प विटांवर, जमिनीपासून वर ठेवा. ज्योतीचं निळं टोक पृष्ठभागापासून वीतभर अंतरावर धरा आणि खालून वर सरकत राहा, कारण ज्योत वर चढते आणि वरचा भाग आधीच तापवून ठेवते. एका जागी थांबू नका. लाकूड आधी पिवळं, मग तपकिरी, मग काळं होईल. काळं झाल्यावरही थोडा वेळ फिरवत राहा. बारीक चौकोनी भेगा उमटतील, मगरीच्या पाठीसारख्या. तिथे थांबायचं. हा थर एक ते तीन मिलिमीटरचा असतो. त्याहून खोल गेलात तर चौकोन मोठे होतात आणि हात लावताच गळून पडतात. एक बाजू झाली की लगेच दुसरी घ्या, म्हणजे लाकूड सगळीकडून सारखं आकसतं. खाचा शेवटी, थोड्या थोड्या वेळाने.

धुरावर नजर असू द्या. ज्योत हटवल्यावरही एखाद्या ठिकाणाहून पिवळसर धूर येत राहिला तर तिथे आत लाकूड जळतंय. ओलं फडकं दाबा.

दुसरी पद्धत खऱ्या आगीची. ती समजायला नॅश यांच्या चुली आठवतात. १९७९ च्या सुमारास त्यांनी लाकडाच्या चुली रचायला सुरुवात केली आणि १९८२ मध्ये जपानला गेले असताना चक्क बर्फाची चूल केली. चूल कशाचीही असो, तिला खालून हवा, मधे पोकळी आणि वरून धुराला वाट एवढंच लागतं. जपानी लोक सुगी नावाच्या सूचिपर्णी झाडाच्या फळ्या घरांच्या भिंतींसाठी याच तत्त्वावर जाळतात. तीन लांब फळ्या दोरीने बांधून त्रिकोणी नळी करायची, खालच्या टोकाला कागद पेटवून ती उभी करायची. नळीच धुराडं होते, ज्वाला वरपर्यंत खेचली जाते, आणि काही मिनिटांत आतल्या तिन्ही बाजू काळ्या होतात. मग दोरी सोडून फळ्या आडव्या पाडून पाणी मारायचं.

यात एक मर्म आहे. एकटा जाड ओंडका स्वतःहून जळत राहत नाही, त्याची उष्णता बाहेर निघून जाते. समोर दुसरं पेटलेलं लाकूड असेल तरच तो तापलेला राहतो. म्हणून फूट-दीड फुटापेक्षा मोठ्या शिल्पाभोवती चार बोटं अंतर सोडून फळकुटांचं कुंपण उभं करतात, खालून हवेला जागा ठेवतात आणि कुंपण पेटवतात. ते जळून ढासळेपर्यंत शिल्प चहूकडून काळं झालेलं असतं. ही पद्धत वेगवान आणि बेभरवशाची आहे. आधी तीन फळ्यांचा प्रयोग करून हात बसवा आणि मगच इकडे वळा.

विझवणं

पुष्कळजण इथे सैल पडतात. ज्वाला गेली म्हणजे आग गेली असं नव्हे. भेगेच्या तळाशी राहिलेला विस्तव तासन्‌तास दबून राहतो आणि वाऱ्याची झुळूक आली की परत उठतो.

लहान शिल्पावर बागेतल्या फवारणीच्या पंपाने बारीक तुषार मारा, सगळीकडून, वाफ थांबेपर्यंत. बादलीभर पाणी एकदम ओतू नका, तापलेला थर निखळतो. खाचांत आणि पाठीमागच्या फटीत पाणी पोचलंय ना हे बघा. मग हाताचा मागचा भाग शिल्पाजवळ न टेकवता फिरवून धग कुठे लागते ते तपासा. तासाने पुन्हा तपासा, त्यानंतर आणखी एकदा. पहिली रात्र शिल्प बाहेरच, विटांवर, मोकळ्या जागी राहू द्या. घरात, गाडीच्या डिकीत, लाकडी फळीवर ठेवायचं नाही. जागेवरची राख आणि फळकुटंही भिजवून टाका.

घासणं आणि तेल

दोन दिवस सुकल्यावर ठरवा की किती काळं ठेवायचं. मऊ ब्रशने नुसती राख झटकली तर दाट, खोल काळा राहतो, पण हाताला लागतो. तारेच्या ब्रशने लाकडाच्या रेघांच्या दिशेने घासलं तर भुसभुशीत थर निघून जातो, टणक थर राहतो आणि सागवान किंवा पाइनमध्ये उंच-सखल रेघा उघडतात. आडवं घासू नका. माझं मत विचाराल तर पहिल्या कामाला निम्मं शिल्प एका पद्धतीने आणि निम्मं दुसऱ्या पद्धतीने करू नये. एकच ठरवा, नाहीतर आकार दुभंगतो.

थर हाताला लागू नये म्हणून चपडी लाख स्पिरिटमध्ये अगदी पातळ विरघळवून दोन हलके फवारे मारा. काळेपणा मंद राहतो. थोडी चमक चालत असेल तर जवसाचं उकळलेलं तेल फडक्याने लावा, अर्ध्या तासाने जास्तीचं पुसून घ्या, दोन-तीन दिवस सुकू द्या आणि परत एक हात द्या. स्पिरिट आणि तेल दोन्हीसाठी शिल्प पूर्ण थंड हवं.

तेलाची फडकी चुरगाळून कोपऱ्यात टाकू नका. जवसाचं तेल सुकताना उष्णता सोडतं आणि बोळा केलेलं फडकं आपोआप पेटू शकतं. ती उन्हात एकेक पसरून सुकवा किंवा पाणी भरलेल्या झाकणाच्या डब्यात टाका.

ठेवण्याची जागा

काळ्या शिल्पाला काळी किंवा गडद भिंत मारून टाकते. चुन्याची पांढरी भिंत, फिकट दगड, हिरवळ यांच्यासमोर बाह्यरेषा वाचता येते. उजेड एका बाजूने तिरका पडू द्या, म्हणजे भेगांची जाळी दिसते. समोरून पडलेल्या उजेडात तोच आकार सपाट होतो.

बाहेर ठेवायचं असेल तर थेट मातीत रोवू नका. वरचा जळालेला थर पाऊस-उन्हात टिकाऊ असला तरी भेगांतून वाळवी आत शिरते. दगडाच्या चौथऱ्यावर, खालून हवा खेळेल असं बसवा. कोकणातल्या पावसात दोन-तीन वर्षांत काळा रंग राखाडीकडे झुकायला लागतो. तेव्हा पावसाळा संपल्यावर लाकूड महिनाभर सुकू द्या, सैल झालेला थर घासून काढा आणि टॉर्च पुन्हा एकदा हलक्या हाताने फिरवा. तेल लावलेल्या शिल्पावर मात्र थेट ज्योत नको. आधी वरचा तेलकट थर तारेच्या ब्रशने पूर्ण खरवडून घ्या, मगच जाळायला घ्या.